जपानमध्ये दूध उरते आणि बटरही संपते, हे कसे? होक्काइडोतील गोठ्यांविषयी सविस्तर उत्तर

आपला प्रश्न थोडक्यात असा आहे. २०२३ मध्ये जपान सरकारने दुभत्या गायी वेळेआधी काढून टाकण्यासाठी शेतकऱ्यांना अनुदान दिले, हे आपण वाचले. पुढच्याच वर्षी तेच सरकार बटरची आयात वाढवत असल्याचेही वाचले. सांगली जिल्ह्यात आपला वीस-बावीस संकरित गायींचा गोठा आहे, धाकट्या भावाला होक्काइडोतील, म्हणजे जपानच्या उत्तरेकडच्या मोठ्या बेटावरील, एका गोठ्यावर कामाची संधी चालून आली आहे, आणि ज्या देशात दूध उरतेही व संपतेही तिथला हा धंदा बुडीत निघाला आहे का, हे आपल्याला जाणून घ्यायचे आहे.

मी होक्काइडोच्या तोकाची भागात गायींच्या आहाराचा सल्लागार म्हणून काम करतो. माझे सगळे बोलणे वैरण आणि खाद्याच्या बाजूने येते, हे आधीच सांगून ठेवतो. कर्ज देणारा किंवा दूध विकणारा माणूस हेच चित्र थोडे वेगळे मांडेल. माझ्या मते दूध जास्त की कमी, या वादात शिरून फारसे काही हाती लागत नाही. जपानी गोठ्याचा खर्च देशाबाहेर ठरतो आणि रोज बदलतो. त्याच्या दुधाचा भाव मात्र देशात, बैठका घेऊन, सावकाश ठरतो. या दोन वेगांमधली तफावत ज्या शेतकऱ्याला सोसता येते तो टिकतो. बाकीच्या बातम्या याच तफावतीतून निघतात.

आधी धंद्याचा आकार पाहू. १९६३ मध्ये जपानमध्ये दुभती जनावरे पाळणारी सुमारे ४ लाख १८ हजार कुटुंबे होती आणि गोठ्यामागे सरासरी तीनही जनावरे नव्हती. २०२४ मध्ये गोठ्यांची संख्या १२ हजारांच्या खाली आली आणि गोठ्यामागे सरासरी शंभराहून अधिक जनावरे झाली. दुधाचे उत्पादन १९९६ मध्ये सर्वाधिक, म्हणजे वर्षाला सुमारे ८६ लाख टन होते. आज ते ७३ ते ७५ लाख टनांच्या आसपास आहे. म्हणजे गोठे ९७ टक्क्यांनी घटले, तरी दूध साठच्या दशकापेक्षा कितीतरी जास्त आहे. केवळ गोठ्यांचा आकडा पाहून ‘धंदा संपला’ म्हणणाऱ्या लेखांवर म्हणूनच माझा विश्वास बसत नाही. मात्र गेल्या चार-पाच वर्षांत बंद पडलेल्या गोठ्यांत नुसते म्हातारे, वारस नसलेले शेतकरीच नाहीत. चांगले दूध काढणारी, कर्ज काढून नवा गोठा बांधलेली चाळिशीतली माणसेही त्यात आहेत, आणि ही गोष्ट जुन्या घसरणीपेक्षा वेगळी आहे.

आता उरण्या-संपण्याचे गणित. साधारण ४ टक्के फॅट आणि पावणेनऊ टक्के एसएनएफ (फॅट सोडून दुधातले बाकीचे घन पदार्थ) असलेल्या १०० किलो दुधापासून पावणेपाच-पाच किलो बटर निघते आणि त्याच वेळी साडेआठ-नऊ किलो स्किम्ड (फॅट काढलेल्या दुधाची) भुकटी तयार होते. एक हवे असेल तर दुसरे घ्यावेच लागते. जपानमध्ये बटरला बेकरी, मिठाई आणि हॉटेलांकडून मागणी टिकून आहे. भुकटी मुख्यतः दही आणि आंबवलेल्या दुधाच्या पेयांत जाते आणि दह्याची लाट ओसरल्यापासून ती मागणी थंडावली आहे. बटर पुरेल इतके दूध कारखान्यात घातले की भुकटीचा डोंगर साठतो, आणि भुकटी बेताने करायची ठरवली की बटर कमी पडते. २०२२ मध्ये हा साठा १ लाख टनांच्या घरात गेला आणि तो उपसण्यासाठी सरकार व शेतकऱ्यांनी मिळून पैसे घातले. त्यातली काही भुकटी जनावरांच्या खाद्यात गेली. आपल्याकडे हे नवे नाही. भुकटीचे भाव पडल्यावर गायीच्या दुधाचे खरेदीदर कसे कोसळतात आणि राज्य सरकारला लिटरमागे ५ रुपयांचे अनुदान का द्यावे लागते, हे २०२४ मध्ये आपण स्वतः अनुभवले असेल.

यात ऋतूचाही भाग आहे. जपानमधल्या गायी जवळजवळ सगळ्या होल्स्टीन जातीच्या. त्यांना थंडी मानवते, दमट उन्हाळा मानवत नाही. ऑगस्टमध्ये होन्शू बेटावरचे, म्हणजे तोक्यो-ओसाकाच्या बाजूचे दूध घटते आणि सप्टेंबरमध्ये नेमक्या शाळा उघडतात. शाळेच्या जेवणात मुलामागे २०० मिलिलिटर दूध दिले जाते आणि पिण्याच्या दुधातला अंदाजे दहावा हिस्सा एवढ्यानेच खपतो. त्या दिवसांत होक्काइडोच्या कुशिरो बंदरातून कच्चे दूध भरलेले टँकर जहाजावर चढतात आणि सुमारे २० तासांनी तोक्योच्या उत्तरेला हिताची बंदरात उतरतात. ही दूधवाहू फेरी १९९३ पासून चालू आहे. डिसेंबरच्या शेवटी उलटे होते. गायी थंडीमुळे जोरात दूध देतात, शाळांना सुटी लागते, दुकाने नववर्षासाठी बंद होतात, आणि मग दूध ठेवायचे कुठे, असा प्रश्न पडतो. डिसेंबर २०२१ मध्ये सुमारे ५ हजार टन दूध ओतून द्यावे लागेल अशी भीती निर्माण झाली, तेव्हा पंतप्रधान किशिदा यांनी पत्रकार परिषदेत लोकांना एक पेला दूध जास्त पिण्याचे आवाहन केले. ती वेळ निभावली. पण त्याआधीची आठ वर्षे पाहिल्याशिवाय ती वेळ का आली हे कळत नाही.

२०१४ मध्ये जपानमध्ये बटरची मोठी टंचाई झाली. सरकारला त्या वर्षी दोनदा तातडीची आयात करावी लागली आणि दुकानांत ‘एका ग्राहकाला एकच पाकीट’ अशा पाट्या लागल्या. त्यानंतर गोठे वाढवण्यासाठी, यंत्रे घेण्यासाठी भरघोस अनुदान सुरू झाले. शेतकऱ्यांनी कर्जे काढली, मुक्त संचार गोठे बांधले, धारा काढणारे रोबो बसवले, सेक्स सॉर्टेड सीमेन (मादी वासरे जन्मावीत म्हणून निवडलेले वीर्य) वापरून कालवडींची संख्या वाढवली. आता हिशोब मांडून पाहा. आज गाय भरवली (रेतन केले) तर सव्वानऊ महिन्यांनी कालवड जन्मते, ती चौदा-पंधरा महिन्यांची झाल्यावर भरवली जाते आणि साधारण दोन वर्षांची झाल्यावर व्याते. निर्णयापासून दुधाच्या पहिल्या थेंबापर्यंत तीन वर्षे जातात, आणि त्यात इमारत, परवाने, कर्ज यांचा वेळ धरला तर चार-पाच वर्षे. टंचाईच्या वर्षी घेतलेल्या निर्णयांचे दूध २०१९-२० मध्ये बाजारात येऊ लागले आणि मार्च २०२० मध्ये कोरोनामुळे शाळा बंद झाल्या, हॉटेले ओस पडली, परदेशी पर्यटक थांबले. दूध येतच राहिले. २०२३ मध्ये गाय वेळेआधी काढली तर जनावरामागे १ लाख ५० हजार येन द्यायची योजना आली, तिचे मूळ इथे आहे. आणि २०२३ मध्ये जी गाय गेली तिचे दूध व तिच्या पोटी येणारी कालवड २०२४-२५ मध्ये नव्हती; पर्यटक परतले, बेकऱ्या चालू झाल्या, उन्हाळा कडक गेला आणि बटर पुन्हा अपुरे पडले. आधी वाढवायला अनुदान, मग घटवायला अनुदान, हे ज्या शेतकऱ्याने दहा वर्षांच्या आत सोसले त्याचा सरकारी आकडेमोडीवर किती विश्वास उरला असेल, याची आपण कल्पना करू शकता.

तरीही नुसत्या चढउताराने एवढे गोठे बंद झाले नसते. खरा तडाखा खाद्याने दिला, आणि हा माझा रोजचा विषय असल्याने येथे थोडा रेंगाळतो. जपान दूध आणि दुग्धपदार्थांची साठ टक्क्यांहून थोडी अधिक गरज स्वतःच्या उत्पादनातून भागवतो, असे सरकारी आकडे सांगतात. पण गायींनी खाल्लेले आयात खाद्य वजा केले तर हाच आकडा तीस टक्क्यांच्या खाली येतो. मका अमेरिका आणि ब्राझीलमधून येतो, अल्फाल्फा आणि टिमोथीचे वाळलेले गवत अमेरिका-कॅनडातून, ओटचे गवत ऑस्ट्रेलियातून. सगळे व्यवहार डॉलरमध्ये. २०२१ च्या सुरुवातीला डॉलर १०५ येनांच्या आत होता, ऑक्टोबर २०२२ मध्ये तो १५० च्या वर गेला; त्यातच फेब्रुवारी २०२२ मध्ये युक्रेनचे युद्ध सुरू झाले आणि धान्य, खते, इंधन सगळेच भडकले.

याचा गोठ्यावरचा अर्थ असा. दिवसाला तीसेक किलो दूध देणाऱ्या गायीला मी साधारण १० किलो पशुखाद्य बसवतो. हे खाद्य २०२० मध्ये किलोला ७० येनांच्या आसपास होते, २०२२ च्या अखेरीस १०० येनांच्या घरात गेले. गायीमागे दिवसाला ३०० येन वाढले, म्हणजे दुधाच्या किलोमागे १० येन. आणि दुधाचा भाव? पिण्याच्या दुधाचा खरेदीदर नोव्हेंबर २०२२ मध्ये किलोला १० येनांनी वाढला, प्रक्रियेसाठी जाणाऱ्या दुधाचा एप्रिल २०२३ मध्ये. एका बाजूने १० येन गेले, दुसऱ्या बाजूने १० येन आले, मग तक्रार कसली, असे वरवर वाटेल. परंतु खर्च २०२१ पासून चढत होता आणि भाव दीड-दोन वर्षे उशिरा आला. किलोला शंभरेक येन मिळणाऱ्या दुधावर दोन वर्षे १० येनांचा घाटा सोसणे म्हणजे होता तो सगळा नफा आणि शिवाय कर्जाचा हप्ता खिशातून भरणे. शिवाय हे फक्त पशुखाद्याचे झाले. ज्यांचे गवतही विकतचे, त्यांचे नुकसान याहून कितीतरी मोठे. मार्च २०२३ मध्ये दूध उत्पादकांच्या केंद्रीय संघटनेने घेतलेल्या पाहणीत १०० पैकी सुमारे ८५ शेतकऱ्यांनी आपला गोठा तोट्यात असल्याचे सांगितले. मी ज्या गोठ्यांवर जातो तिथे हा आकडा ऐकून कोणालाच आश्चर्य वाटले नाही.

त्याच काळात वासरांचे भाव कोसळले. दुभत्या गोठ्याला नर वासरे विकून बरे पैसे मिळतात. होल्स्टीनला वाग्यू या मांसासाठी पाळल्या जाणाऱ्या जपानी जातीच्या वळूचे सीमेन देऊन जन्मलेल्या संकरित वासरांना तर मांसासाठी पाळणारे चढाओढीने घेतात. पण पाळणाऱ्याचाही खाद्याचा खर्च वाढला होता, त्याने हात आखडता घेतला, आणि २०२२ च्या शरद ऋतूत होक्काइडोच्या बाजारांत काही नर होल्स्टीन वासरांना हजार येनही मिळेनात. वाहतुकीचा आणि बाजाराचा खर्च त्याहून जास्त होता. दूध तोट्यात गेले तर वासरू सांभाळून घेते, हा इथला जुना आधार होता. तोच नेमक्या वाईट वर्षी निसटला.

याच कारणाने सगळ्या जपानी गोठ्यांना एका मापाने मोजता येत नाही. देशातले निम्म्याहून अधिक दूध, साधारण ५५-५७ टक्के, एकट्या होक्काइडोतून येते. पूर्वेकडच्या बेत्सुकाई गावाच्या हद्दीत माणसे १५ हजारांच्या आत आणि गुरे लाखाच्या वर आहेत. तिथे डोळा जाईल तिथवर कुरण दिसते. आमच्या तोकाचीत जमीन जास्त सुपीक असल्याने गवताबरोबर मुरघासाचा (हवाबंद मुरवून साठवायच्या हिरव्या चाऱ्याचा) मकाही होतो. होन्शूवर मात्र बटाट्याच्या वाफ्याएवढ्या जमिनीवर शंभर गायी बांधलेल्या आढळतात आणि दावणीतली प्रत्येक काडी बंदरातून आलेली असते. तिथल्या शेतकऱ्याला शहर जवळ असल्याने पिण्याच्या दुधाचा चढा भाव मिळतो. स्वस्त डॉलरच्या काळात हा व्यवहार त्याला फायद्याचा होता. जाता जाता सांगतो, जपानी दुग्धव्यवसायाचे जन्मस्थान म्हणून जी जागा दाखवतात तीही होन्शूवरच, चिबा भागातल्या मिनेओका येथे आहे. १७२८ मध्ये शोगुन, म्हणजे तेव्हाचे लष्करी शासक, तोकुगावा योशिमुने यांनी तिथे ३ पांढऱ्या गायी पाळल्या आणि त्या भारतातून आल्याचे सांगतात.

दोन गोठे समोर ठेवतो, म्हणजे फरक स्पष्ट होईल. तोकाचीतल्या एका गोठ्यात दीडशेच्या आसपास गायी आहेत. सप्टेंबरच्या अखेरीस मका कापून बंकरमध्ये (मुरघासासाठी भिंती बांधून केलेल्या जागेत) दाबला जातो. नोव्हेंबरात मी तो उघडतो तेव्हा आधी कापलेल्या भिंतीवर हाताचा पंजा ठेवून ऊब लागते का पाहतो, मूठभर मुरघास दाबून पाणी गळते का पाहतो, दाणे फुटलेले आहेत की अख्खे ते पाहतो. अख्खा दाणा शेणातून तसाच बाहेर पडतो आणि मग तेवढी ताकद विकतच्या खाद्यातून भरून काढावी लागते. या गोठ्यात २०२२ मध्ये आम्ही मक्याच्या मुरघासाचे प्रमाण वाढवले आणि पशुखाद्य गायीमागे १० किलोवरून ८ किलोच्या खाली आणले. दूध थोडे उतरले, पण हिशोब जुळला. दुसरा गोठा तोचिगी भागातला. दुधात होक्काइडोनंतर तोचिगीचाच क्रमांक लागतो. तिथल्या मालकाने आहार सुचवण्यासाठी बोलावले तेव्हा माझ्यापाशी सुचवायला फार थोडे होते, कारण कमी करण्यासारखे जे होते तेच त्याचे एकमेव खाद्य होते. भाताचा पेंढा, दारूच्या कारखान्यातला चोथा, शेजारच्या खाचरातला चाऱ्याचा भात असे जमेल ते गोळा करून त्याने दोन वर्षे काढली. तो आजही धंद्यात आहे, पण गायी निम्म्या केल्या आहेत.

आतापर्यंतचे एका ठिकाणी आणतो: उरणे-संपणे हे बटर-भुकटीच्या जोडीमुळे आणि गायीच्या तीन वर्षांच्या चक्रामुळे घडते, गोठे बंद पडणे हे खाद्यामुळे आणि कर्जामुळे. बातम्यांत ही दोन्ही एकत्र मिसळतात.

भाव ठरवण्याच्या पद्धतीविषयीही दोन शब्द हवेत, कारण आपण सहकारी संघाला दूध घालता. जपानमध्ये एकाच टाकीतल्या दुधाला वापरानुसार वेगळा भाव असतो. पिण्यासाठी सर्वांत जास्त, मग क्रीम, त्याखाली बटर-भुकटी, आणि चीजसाठी सर्वांत कमी. प्रत्येक भागातली अधिकृत संघटना सगळे दूध एकत्र विकते आणि सरासरी भाव शेतकऱ्याला देते. होक्काइडोत हे काम होकुरेन हा सहकारी महासंघ करतो. होक्काइडोचे सगळे दूध तोक्योच्या बाजारात पिण्यासाठी उतरले तर होन्शूचा शेतकरी संपेल, म्हणून १९६५ च्या कायद्याने प्रक्रियेला जाणाऱ्या दुधाला सरकारी पूरक रक्कम द्यायला सुरुवात झाली. २०१८ मध्ये हे नियम सैल झाले आणि संघटनेबाहेर दूध विकणाऱ्यालाही ही रक्कम मिळण्याची वाट मोकळी झाली. त्याने काही हुशार शेतकऱ्यांचे भले झाले, पण दूध उरते तेव्हा भुकटीचा बोजा मात्र संघटनेतल्यांनीच उचलावा लागतो. या मुद्द्यावर गावागावांत कुरबुर आहे आणि मला ती रास्त वाटते.

पुढे काय होईल, ते येनच्या दरावर आणि मुलांच्या संख्येवर बरेचसे अवलंबून आहे. २०२४ मध्ये जपानमध्ये जन्मलेली मुले ७ लाखांहून कमी होती. शाळेतले दूध घटत जाणार, यात शंका नाही. चीज लोक जास्त खातात, पण बहुतेक चीज परदेशातून येते आणि २०१८-१९ मध्ये प्रशांत देशांशी व युरोपीय संघाशी झालेले करार लागू झाल्यापासून त्यावरचे आयातशुल्क टप्प्याटप्प्याने उतरते आहे. बटर आणि भुकटीला मात्र अजून सरकारी नियंत्रणाची भिंत आहे. माझा अंदाज असा की होन्शूवरचे दूध आणखी आटेल, होक्काइडोचा वाटा वाढेल, गोठे थोडे आणि मोठे होतील. माझ्या मते हा धंदा बुडीत नाही. ज्याच्याकडे वैरणीची जमीन आहे त्याच्याकडे तो सरकतो आहे.

आता आपल्या धाकट्या भावाविषयी. माणसांची टंचाई खरी आहे, त्यामुळे काम मिळणे अवघड नाही. गोठा कोणता, हे महत्त्वाचे. प्रशिक्षणार्थी म्हणून जायचे असेल तर ती जुनी योजना २०२४ च्या कायद्याने बदलली असून नवी पद्धत २०२७ पासून लागू व्हायची आहे, हे दलालाला विचारून पक्के करून घ्यावे. २०१९ पासूनच्या विशिष्ट कौशल्य व्हिसावर जायचे असेल तर प्राथमिक जपानी भाषेची आणि पशुपालनाची अशा दोन परीक्षा द्याव्या लागतात. गोठ्यावर घरी काम केलेल्या मुलाला दुसरी जड जात नाही, पहिलीची तयारी मात्र आत्ताच सुरू करावी. आणखी एक बाब फारसे कोणी सांगत नाही. जपानच्या कामगार कायद्यात कामाचे तास, विश्रांती आणि सुटी यांविषयीचे नियम शेती व पशुपालनाला सरसकट लागू होत नाहीत. पहाटेची धार पाचला आणि संध्याकाळचीही पाचला, मध्ये वासरे, वैरण, शेण. हिवाळ्यात उणे २० अंश. म्हणून रोजचे तास, आठवड्याची सुटी आणि जादा कामाचा मोबदला हे सगळे करारात लेखी असल्याशिवाय सही करू नये.

मुलाखतीत भावाने मालकाला तीन गोष्टी विचाराव्यात: गायी किती आणि स्वतःची वैरणीची जमीन किती हेक्टर, मक्याचा मुरघास स्वतः करता की विकत घेता, आणि नवा गोठा किंवा रोबो कोणत्या वर्षी घेतला. पहिल्या दोहोंवरून खाद्याचे कळते, तिसऱ्यावरून कर्जाचे. होक्काइडोत गायीमागे अर्धा हेक्टर किंवा त्याहून अधिक जमीन असेल, तर पुढचे तीन-चार वर्षे पगार थकण्याची मला फारशी काळजी वाटणार नाही. जमीन नगण्य आणि रोबो २०२१ नंतरचा, असे उत्तर आले तर दुसरा गोठा पाहावा. उत्तरे मिळाली की इथेच लिहा. गावाचे नाव आणि हे आकडे असले तर मला याहून नेमके सांगता येईल.